कातडीवरची अक्षरे

गोंदण म्हटले की आपल्यापुढे आजीच्या कपाळावरची हिरवी टिकली उभी राहते. दागिने, लुगडी सगळी इथेच राहायची, मेल्यावर बरोबर यायचे ते एवढे गोंदण, अशी आपल्या जुन्या बायकांची श्रद्धा होती. म्हणून चीनच्या जुन्या ग्रंथांत गोंदणाचा माग काढू लागलेला मराठी वाचक पहिल्याच पानाला दचकतो. तिथे गोंदणाची गाठ पडते ती बहुधा न्यायाधीशापुढे. 'मो' म्हणजे शाई, आणि तेच एका शिक्षेचे नाव. 'छिंग' म्हणजे अपराध्याच्या तोंडावर गोंदणे. 'वेन-शेन' हा त्यातल्या त्यात सौम्य शब्द. त्याचा अर्थ नक्षीचे अंग. मौज अशी की ह्यातल्या 'वेन' ह्या अक्षराला पुढे लिखाण, साहित्य, सुसंस्कृतपणा असे थोर थोर अर्थ येऊन चिकटले. आणि हाडांवर कोरलेली त्याची सर्वांत जुनी रूपे पाहून, ते मुळात छाती गोंदलेल्या माणसाचे चित्र असावे, असा काही अभ्यासकांचा तर्क आहे.

चीनच्या इतिहासात गोंदणाच्या निमित्ताने एक भांडण सतत चालत आलेले दिसते. माणसाची कातडी कुणाच्या मालकीची? आईबाप म्हणतात, आम्ही दिली. राजा म्हणतो, तू माझी प्रजा. तिसरा दावेदार तो स्वतः. त्याला फारसे कुणी विचारले नाही; तरी त्याने अधूनमधून आपले म्हणणे मांडलेच, आणि तेही त्याच कातडीवर.

आईबापांची बाजू 'श्याओ-चिंग' ह्या पितृभक्तीच्या ग्रंथाने मांडली. देह, केस, कातडी ही आईबापांची देणगी आहे, तिला इजा होऊ न देणे हीच पितृभक्तीची पहिली पायरी, असे त्या छोट्या पुस्तकाचे सांगणे. चीनमधली पोरे शतकानुशतके हे पुस्तक घोकत आली. अशा समाजात सुई टोचून अंग निळे करून घेणारा माणूस बापाचा अपराधी ठरला तर नवल नाही. शिवाय गोंदण ही रानटी लोकांची खूण मानली जाई. दक्षिणेकडच्या यूए लोकांचे वर्णन करताना उत्तरेकडचे ग्रंथकार दोन गोष्टी हमखास सांगतात: ते केस कापतात आणि अंग गोंदवतात. चुआंग-त्स ह्या विनोदी तत्त्वज्ञाने एका व्यापाऱ्याची गोष्ट सांगितली आहे. तो बिचारा समारंभी टोप्या विकायला यूए मुलुखात गेला. तिथे सगळे बोडके आणि गोंदलेले. टोपी घेतो कोण?

पण ह्याच परंपरेच्या मुळाशी एक गोंदलेला राजपुत्र बसलेला आहे. चौ घराण्याच्या एका पूर्वजाला तीन मुलगे होते. गादी धाकट्याकडे आणि त्याच्याकडून गुणी नातवाकडे जावी अशी बापाची इच्छा होती. थोरल्या ताइबोने ती ओळखली. मधल्या भावाला बरोबर घेऊन तो दक्षिणेच्या रानटी मुलखात निघून गेला, केस कापले आणि अंग गोंदवून घेतले. आता परत बोलावले तरी आपण गादीला नालायक, हे त्याने कातडीवरच लिहून टाकले. सिमा छ्येन ह्या इतिहासकाराने ही कथा नोंदवली आहे, आणि खुद्द कन्फ्यूशसने ताइबोच्या सद्गुणाला पराकोटीचा म्हटले आहे. दशरथाच्या मुलांची कथा ऐकत वाढलेल्या आपल्यासारख्यांना हा त्याग परका वाटत नाही. बापाने दिलेली कातडी बापाच्याच इच्छेखातर बिघडवली, ही पितृभक्ती की पितृद्रोह? चिनी पंडितांना हा प्रश्न पुरून उरला.

आता राजाची बाजू. प्राचीन चीनमध्ये पाच शिक्षा होत्या: तोंडावर गोंदणे, नाक कापणे, पाय तोडणे, पुरुषत्व नष्ट करणे आणि देहान्त. 'शू-चिंग' ह्या पुरातन ग्रंथात त्यांचा हिशेबच दिलेला आहे. गोंदण्याजोगे अपराध १०००, नाकाचे १०००, पायाचे ५००, खच्चीकरणाचे ३००, देहान्ताचे २००; एकूण ३०००. पाचांत गोंदण सर्वांत हलके. हाडामांसाला धक्का नाही, रक्तही फारसे जायचे नाही. पण तुटलेला पाय लढाईत गेला म्हणून सांगता येतो. कपाळावरची शाई दुसरे काही सांगू देत नाही. खोडता न येणाऱ्या शाईत लिहिलेला एक शेरा काय करू शकतो, हे आम्हां शाळामास्तरांना वेगळे सांगायला नको.

इसवी सनापूर्वीच्या चौथ्या शतकात छिन राज्यात शांग यांग हा कठोर मंत्री कायदा राबवत होता. युवराजानेच कायदा मोडला. भावी राजाच्या अंगाला हात कसा लावायचा? तेव्हा त्याने युवराजाच्या गुरूचे, कुंगसुन ज्याचे, तोंड गोंदवले. पुढे छिनच्या पहिल्या सम्राटाने इ.स.पू. २१३ मध्ये ग्रंथ जाळण्याचा हुकूम काढला. तीस दिवसांत पुस्तके न जाळणाऱ्याचे तोंड गोंदवून त्याला तटबंदीच्या मजुरीवर धाडायचे, असे त्यात कलम होते. पुस्तकातली अक्षरे जपायची तर सरकारची अक्षरे तोंडावर घ्या, असा तो सौदा होता.

त्याच राजवटीत यिंग बू नावाचा एक तरुण होता. एका ज्योतिषाने त्याला लहानपणी सांगितले होते की, तुला आधी शिक्षा होईल आणि मग तू राजा होशील. तोंड गोंदले गेले तेव्हा हा पठ्ठ्या हसला. चला, अर्धे भविष्य तर खरे झाले! सम्राटाच्या थडग्याच्या कामावरच्या कैद्यांत त्याने माणसे जोडली, तिथून निसटला, बंडात शिरला आणि खरोखरच ह्वाइनानचा राजा झाला. लोक त्याला 'छिंग बू', म्हणजे गोंदलेला बू, म्हणूनच ओळखत राहिले. अखेर इ.स.पू. १९६ मध्ये त्याने हान सम्राटाविरुद्ध बंड केले आणि त्यात तो संपला. त्याची हकीकत सांगणाऱ्या सिमा छ्येनवर पुढे त्याच पाच शिक्षांपैकी खच्चीकरणाची पाळी आली, हे लक्षात ठेवून ते पान वाचावे.

ही शिक्षा पहिल्यांदा उठवली गेली ती एका मुलीमुळे. छुन्यू यी हा नामांकित वैद्य होता. त्याच्यावर आरोप आला आणि अंगच्छेदाची शिक्षा ठरली. त्याला पाच मुली, मुलगा नाही. घरात मुलगा नसला की अडीनडीला कुणी उपयोगी पडत नाही, असे तो वैतागून बोलून गेला. ते धाकट्या ती-यिंगला झोंबले. ती बापाच्या मागोमाग राजधानीला गेली आणि तिने सम्राटाला अर्ज केला. मेलेला पुन्हा जिवंत होत नाही, कापलेला अवयव पुन्हा जोडला जात नाही. माणसाला सुधारावेसे वाटले तरी ह्या शिक्षेने वाट बंद होते. बापाऐवजी मला सरकारी दासी करा, असा त्या अर्जाचा आशय होता. सम्राट वेन द्रवला. इ.स.पू. १६७ मध्ये त्याने गोंदणे, नाक कापणे आणि पाय तोडणे ह्या शिक्षा बंद केल्या. गोंदण्याच्या जागी डोके भादरणे, गळ्यात लोखंडी कडे आणि सक्तमजुरी आली. नाक आणि पाय ह्यांच्या जागी तीनशे नि पाचशे फटके आले, आणि त्यांनी इतकी माणसे मेली की पुढच्या सम्राटाला ते कमी करावे लागले. दयेचा हिशेबही नीट करावा लागतो. पण ती-यिंगने नेमके मर्म धरले होते. शिक्षा संपली पाहिजे. कातडीवर लिहिलेली शिक्षा संपत नाही.

तांग काळात येऊन पाहिले तर चित्र अगदी पालटलेले दिसते. सरकारच्या सुईचा धाक ओसरला आहे आणि शहरातल्या टवाळ पोरांनी ती सुई स्वतःच हाती घेतली आहे. नवव्या शतकातल्या दुआन छंगशी ह्या चौकस गृहस्थाने आपल्या 'यौयांग त्साचू' ह्या संग्रहात गोंदणाच्या हकीकतींना वेगळे प्रकरणच दिले. छांगआन राजधानीतल्या एका गुंडाने एका दंडावर गोंदवले होते की, जिवंतपणी मी शहरच्या सुभेदाराला भीत नाही. दुसऱ्या दंडावर, मेल्यावर मी यमराजाला भीत नाही. हा यम म्हणजे आपलाच यम. बौद्ध भिक्षूंच्या ग्रंथांतून तो चीनला गेला आणि तिथला न्यायाधीश होऊन बसला. यमाचे काय झाले कोण जाणे. सुभेदाराने मात्र त्याला आणि त्याच्यासारख्यांना पकडून फटक्यांनी ठार केले.

चाओ काओ नावाचा दुसरा एक दांडगट स्स्च्वान मुलखात होता. त्याने सबंध पाठीवर वैश्रवण गोंदवून घेतला होता. वैश्रवण म्हणजे आपला कुबेर. चीनमध्ये तो उत्तर दिशेचा शस्त्रधारी रक्षक झाला. ह्याला फटके मारायला आणले की शिपाई देव पाहून हात आखडते घेत. नवा अधिकारी आला. त्याने खास जाड सोटा करवला आणि देव दिसेनासा होईपर्यंत मारा, असे फर्मावले. तीसवर तडाखे बसले. दहा दिवसांनी चाओ काओ उघड्या पाठीने दारोदार ओरडत हिंडत होता: देवाच्या जीर्णोद्धारासाठी वर्गणी द्या! मार खाऊनही ज्याची विनोदबुद्धी शाबूत राहते, त्याच्यापुढे सरकार काय करणार?

तिसरा होता जिंगजौचा ग छिंग. त्याने गळ्यापासून खाली सर्वांगावर कवी बाई जूयीच्या कविता चित्रांसह गोंदवून घेतल्या होत्या. दुआन स्वतः त्याला पाहायला गेला. अंगरखा उतरवून उभा राहिलेला हा माणूस हात मागे नेऊन पाठीवरची कविताही अचूक दाखवी. आम्हां लेखकांच्या पुस्तकांना लोक नुसते कव्हर घालतात तरी केवढा आनंद होतो!

सुंग राजवटीत, दहाव्या शतकानंतर, सरकारी सुई पुन्हा कामाला लागली. फटके, गोंदण आणि हद्दपारी अशी तिहेरी शिक्षा रूढ झाली. चोराच्या कानामागे कडे गोंदायचे. अपराध भारी असेल तर चौकोन, हलका असेल तर वर्तुळ. तिसऱ्या खेपेला ते तोंडावर. आणि त्याच सुईने सैनिकही गोंदले जाऊ लागले. पलटण सोडून पळालेला शिपाई ओळखू यावा म्हणून ही युक्ती पूर्वीच्या धामधुमीत निघाली होती. चोर आणि शिपाई ह्यांच्या तोंडावर एकाच शाईची खूण आल्यावर लोकांनी दोघांना एकाच मापाने मोजावे, ह्यात आश्चर्य ते काय?

ह्या काळाने चीनला तीन गोंदलेले पुरुष दिले. पहिला लिन छोंग, 'शुइहू' ह्या कादंबरीतला. पाणथळ प्रदेशाच्या आश्रयाने राहणाऱ्या एकशेआठ बंडखोरांची ही कथा. लिन छोंग हा सैन्याचा शस्त्रशिक्षक, सरळ माणूस. बड्या अधिकाऱ्याच्या दत्तक मुलाची नजर त्याच्या बायकोवर गेली, म्हणून खोट्या आरोपात अडकवून त्याचे तोंड गोंदवले आणि त्याला हद्दपार केले. ह्या खुणेला लोक भीतीपोटी सौम्य नाव देत, सोनेरी मोहोर. लेखकाने कायद्याची बाजू खोडून काढण्यासाठी एकही व्याख्यान दिलेले नाही. ज्याच्या तोंडावर 'गुन्हेगार' लिहिले आहे तोच निर्दोष, आणि लिहिणारे हात चोराचे, एवढे त्याने दाखवले.

दुसरा ती छिंग, इतिहासातला. तोंड गोंदलेला साधा शिपाई लढता लढता सेनापती झाला आणि १०५३ साली साम्राज्याच्या लष्करी खात्याचा प्रमुख झाला. सम्राट रेनत्सुंगने त्याला सुचवले की औषध लावून तोंडावरची खूण घालवावी. ती छिंगने नम्रपणे नकार दिला. ही खूण पाहून शिपायांना उमेद येईल, असे त्याचे म्हणणे होते. दरबारातल्या परीक्षा देऊन वर आलेल्या पंडितांना मात्र तो गोंदलेला चेहरा कधीच रुचला नाही. तीन वर्षांनी त्याला त्या पदावरून जावे लागले आणि १०५७ मध्ये तो मरण पावला.

तिसरा यूए फेइ. उत्तरेकडच्या जुर्चेन आक्रमकांशी झुंजणारा हा सेनापती तहाची इच्छा असलेल्या दरबाराला नकोसा झाला. बंडाच्या आरोपावरून चौकशी सुरू झाली तेव्हा त्याने अंगरखा फाडून पाठ दाखवली. तिच्यावर चार मोठी अक्षरे खोल रुतलेली होती: निष्ठेने देशाचे ऋण फेडीन, अशा अर्थाची. पहिल्या चौकशी अधिकाऱ्याला तो निर्दोष असल्याचे पटले. मग तो अधिकारीच बदलण्यात आला. ११४२ च्या आरंभी यूए फेइ तुरुंगात मारला गेला. वीस वर्षांनी त्याला निर्दोष ठरवण्यात आले. हांगजौच्या सरोवराकाठी त्याच्या समाधीपुढे त्याचे वैरी आजही लोखंडाचे होऊन गुडघे टेकून बसलेले आहेत.

ही अक्षरे कुणी गोंदली, हे अधिकृत इतिहास सांगत नाही. शेकडो वर्षांनी चिंग काळात लिहिल्या गेलेल्या लोकप्रिय कादंबरीने ते सांगितले: त्याच्या आईने. तिने कुंचल्याने अक्षरे काढली, सुईने टोचली, शिरका मिसळलेली शाई भरली. आज प्रत्येक चिनी मुलाला ठाऊक असते ते हेच दृश्य. कादंबरी लिहिणाऱ्या माणसाला त्यातली गोम चटकन कळते. पितृभक्ती सांगते की, आईबापांनी दिलेली कातडी बिघडवू नको. पण सुई खुद्द आईच्याच हाती असली तर? जिने कातडी दिली तिनेच तीवर लिहिले, मग तक्रार करायची कुणी? दोन हजार वर्षांचा पेच एका अज्ञात आईला पुढे करून लोककथेने सोडवला.

सुंगनंतर मंगोल आले. त्या काळात चीनला गेलेला मार्को पोलो सांगतो की छ्वानजौ बंदरात अंग गोंदवून घेण्यासाठी वरच्या हिंदुस्थानातून लोक येत. ह्या वाक्यावर पंडितांचा फारसा विश्वास नाही. पण त्या बंदरात हिंदी व्यापारी वसत होते हे खरे. तिथे १२८१ सालचा तमिळ शिलालेख मिळालेला आहे.

मिंग आणि चिंग राजवटींत गोंदण म्हणजे पोलिसी दप्तर झाले. चोराच्या उजव्या हातावर पहिल्या चोरीला 'चोर' अशा अर्थाची अक्षरे, दुसऱ्या चोरीला डाव्या हातावर, तिसऱ्या चोरीला गळफास. कुणी खूण घालवण्याचा प्रयत्न केला तर साठ फटके आणि खूण पुन्हा ताजी. मांचू सम्राटांच्या काळात शिन्जियांगला हद्दपार केलेल्यांच्या तोंडावर चिनी आणि मांचू अशा दोन्ही लिपींत लिहीत, म्हणजे कुठलाही पहारेकरी वाचू शकेल. अखेर १९०५ मध्ये कायदेपंडित शेन ज्याबेनच्या शिफारशीवरून शरीराचे तुकडे करण्याच्या देहदंडाबरोबरच गोंदणाची शिक्षाही रद्द झाली. ती-यिंगचा अर्ज दुसऱ्यांदा, आणि ह्या वेळी कायमचा, मंजूर झाला.

ह्या सबंध काळात राज्याच्या कडेकपारींत गोंदणाचा अर्थ आपल्या आजीच्या गोंदणासारखाच राहिला होता. हाइनान बेटावरच्या ली स्त्रिया, युन्नानच्या दरीतल्या दुलोंग स्त्रिया, तैवानच्या डोंगरांतले अतायाल लोक, ह्यांना न गोंदलेले तोंड अपुरे वाटे. तैवानात जपानी सत्तेने आणि मुख्य भूमीवर १९४९ नंतरच्या राजवटीने ही चाल मोडून काढली.

कायद्यातून सुई गेली, तरी तिचा सर्वांत क्रूर उपयोग पुढेच व्हायचा होता. कोरियाच्या युद्धात सुमारे २१,००० चिनी सैनिक संयुक्त राष्ट्रांच्या सैन्याच्या कैदेत पडले. परत कम्युनिस्ट चीनला जायचे की तैवानला, हा प्रश्न निघाला. छावण्यांतल्या कम्युनिस्टविरोधी टोळ्यांनी कैद्यांच्या अंगावर कम्युनिस्टांविरुद्धच्या घोषणा गोंदवल्या. कुणी खुशीने गोंदवून घेतल्या, पुष्कळांना धरून गोंदले. हिशेब उघड होता. असे हात घेऊन गावी जाणार कसे? एप्रिल १९५२ मध्ये प्रत्येकाची इच्छा विचारण्याची वेळ आली, तेव्हा परत जाऊ म्हणणाऱ्यांची गोंदलेली कातडी कापून काढल्याच्या हकीकती नोंदल्या गेल्या आहेत.

१९५३ च्या तहानंतर, परत जायला नकार देणाऱ्या कैद्यांचा पहारा हिंदी सैन्याकडे आला. तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्ष जनरल थिमय्या होते, आणि पहारा करणाऱ्या दलाचे प्रमुख होते आपले मराठी सेनानी मेजर जनरल एस. पी. पी. थोरात. छावणीतल्या टोळ्यांची नजर चुकवून कुंपणाशी येणाऱ्या आणि मला घरी जायचे आहे म्हणणाऱ्या कैद्यांना ह्या जवानांनी आसरा दिला. असे धाडस केलेले थोडे. चौदा हजारांवर चिनी कैदी जानेवारी १९५४ मध्ये तैवानला गेले. त्यांतल्या कितींनी मनाने निवड केली आणि कितींची निवड त्यांच्या दंडाने आधीच करून टाकली होती, हे कोण वेगळे काढणार? जे परत मायदेशी गेले त्यांनाही वर्षानुवर्षे संशयाखाली जगावे लागले. १९८० मध्ये सरकारने त्यांची अब्रू परत केली, तोवर त्यांची उमर सरली होती.

आजच्या चीनमध्ये मोठ्या शहरांतून गोंदणाची दुकाने आहेत आणि प्रौढ माणसाला गोंदवून घ्यायला कायद्याची आडकाठी नाही. पण जुनी नजर गेलेली नाही. पोलिसभरतीत आणि सैन्यभरतीत कातडी तपासली जाते. त्या रांगेत ती छिंग आणि यूए फेइ उभे राहिले तर त्यांना परत पाठवतील. २०१८ च्या आरंभी गोंदलेल्या कलावंतांना दूरदर्शनवर आणू नका असा आदेश निघाला. डिसेंबर २०२१ मध्ये राष्ट्रीय संघाच्या फुटबॉल खेळाडूंना नवे गोंदण करण्यास मनाई झाली. जुने काढून टाका असा सल्ला, निदान झाका अशी ताकीद. जून २०२२ मध्ये नियम आला की अठरा वर्षांखालच्या मुलांना कुणीही गोंदायचे नाही.

हा शेवटचा नियम मला ह्या सगळ्या इतिहासात वेगळा वाटतो. ज्या सरकारी सत्तेने शतकानुशतके प्रजेच्या तोंडावर लिहिले, तीच आता म्हणते की, ह्या कोवळ्या कातडीवर इतक्यात कुणीच लिहू नका. पोरगे मोठे होऊ द्या, पुसता न येणारी गोष्ट त्याला कळू द्या. ती-यिंगला हे पटले असते. मात्र पोरगे मोठे झाल्यावर त्याची कातडी त्याची, हे वाक्य पुरे करायला अजून कुणाची जीभ धजत नाही. पडद्यावर त्याचा दंड झाकलाच जातो.

च्यांग्सू प्रांतात, वूशी शहराजवळ, ताइबोचे मंदिर आहे. लोक तिथे मुलांना घेऊन जातात आणि गादी सोडणाऱ्या थोरल्या भावाची गोष्ट सांगतात. त्याच प्रांतातल्या सुच्यान येथे, २०२१ साली, अल्पवयीन मुलांना गोंदणाऱ्या एका दुकानदारावर सरकारी वकिलांनी खटला भरला होता. खटला योग्यच होता. पण मंदिरात आलेल्या एखाद्या चुणचुणीत पोराने विचारले की, ताइबोने अंगावर काय गोंदवले होते हो, तर त्याच्या मास्तरांना उत्तर देणे जड जाईल. ग्रंथांत त्याचा त्याग लिहिलेला आहे, त्याची स्तुती लिहिलेली आहे. कातडीवर काय होते, ते कुणीच लिहून ठेवलेले नाही.